बावीस घरांचा भात

यंदा दिवाळीनंतर पुण्यातल्या माझ्या खोलीत कुकरचं झाकण उघडलं तर आत भाताऐवजी एक पांढरा गोळा होता. पळी घातली तर अख्खाच्या अख्खा वर आला. मी नेहमीसारखं वाटीला दोन वाट्या पाणी घातलं होतं. मग आठवलं, आईनं आदल्या आठवड्यात पाठवलेला तांदूळ यंदाचा आहे, गिरणीतून नुकता सडून आलेला. त्या गोळ्याचा वास मात्र असा होता की ताट घ्यायलासुद्धा मी थांबले नाही. ओट्याशी उभी राहून, वरून मीठ आणि तूप घालून, कुकरातूनच खाल्ला. खाता खाता जैतूनमावशीचा आवाज कानात आला. "नव्या तांदळाला पानी दाखवायचं, पाजायचं न्हाई. त्याच्या अंगात अजून पाऊस हाय."

म्हणजे वाडीत भाताची झोडणी लागली.

मार्गासनीच्या पुढं, वेल्ह्याचा रस्ता सोडून आत वळलं की बावीस घरांची आमची वाडी आहे. आम्ही राहायचो भोरला, कारण अण्णा तिथल्या एका कचेरीत कारकून होते. पण दिवाळीनंतरचे दोन-तीन आठवडे मी मनानं कधीच भोरात नव्हते. शाळेच्या बाकावर बसलेली असायचे आणि मानेला भाताची कुसं टोचत असायची. खळं शेणानं सारवून वाळलं की त्याला हिरवट चकाकी येते. त्यावर सकाळचं दव उतरतं आणि पाय थंड पडतात. दहाच्या सुमाराला तोरण्यावरचं धुकं निघतं, मग भारे सुटतात, आणि माणसं लाकडी बाकड्यावर पेंढी आपटायला लागतात. धप, धप, आणि मध्ये दाणे उडाल्याची बारीक सरसर. एका खळ्यावरचा ठेका दुसऱ्या खळ्यावर पोचतो. ओढ्यापलीकडच्या वाडीचा ठेका वेगळा, आमचा वेगळा. लहानपणी मी डोळे मिटून सांगू शकत असे की आता कोण झोडतंय.

या कामाला मजुरी नसायची. आज सगळे तुमच्या खळ्यावर, उद्या सगळे आमच्या. याला सावड म्हणतात. शेवटचं खळं झालं की त्याच खळ्यावर सगळ्या वाडीचा एकत्र भात व्हायचा, कोंबडीचा. मार्गशीर्ष लागायच्या आत, कारण मार्गशीर्षात निम्म्या घरांत कोंबडी शिजत नाही. माळकऱ्यांसाठी एका लहान टोपात वालाचं कालवण आणि साधा भात आधीच बाजूला निघायचा. त्यांची पंगत कोंबडीवाल्यांकडं पाठ करून बसायची आणि चेष्टाही सगळ्यांत जास्त त्याच पंगतीत चालायची. "वास तर आडवत न्हाई ना आमी," असं एक म्हातारबाबा दरवर्षी म्हणायचे आणि दरवर्षी सगळे हसायचे.

भात करायला जैतूनमावशी यायची. तिच्या सासऱ्यांकडं आमच्या गावचा मुलाण्याचा मान होता. जत्रेला बकरं कापायचं, लग्नाला कोंबड्या कापायच्या, ते काम त्यांच्या घराचं. पुढं ते लोक भोरला गेले, बाजारात कोंबडीचं दुकान टाकलं, पण झोडणीचा भात त्यांनी सोडला नाही. नवरा होता तोवर तो कापायचा आणि ती शिजवायची. तो गेल्यावर पुतण्या कापायला येऊ लागला. ती भोरहून एसटीनं नसरापूरला यायची, तिथून वेल्ह्याच्या रिक्षात पुढं कोंबायची स्वतःला, मांडीवर लांब दांड्याचा झारा उभा धरून. रिक्षावाला म्हणायचा, "मावशी, ह्ये हत्यार खाली ठेवा." ती म्हणायची, "हे खाली ठेवलं तर पन्नास घास खाली पडत्याल. तू रस्ता बघ."

तो भात सोपा नव्हता, आणि त्याचं कारण आमचा रिवाज होता. प्रत्येक घरानं आपापल्या घरचा तांदूळ आणायचा, फडक्यात बांधून. बावीस घरं, बावीस गाठोडी. आता विचार करा. कुणाची इंद्रायणी चार दिवसांपूर्वी सडलेली, कुणाचा जाड कोळंबा, कुणाकडं नवा अजून गिरणीत म्हणून गेल्या वर्षीचा. प्रत्येकाचं पाणी निराळं, शिजायचा वेळ निराळा. आणि पातेलं एकच. दुसऱ्या कुणी केला असता तर अर्धा कच्चा आणि अर्धा लगदा झाला असता. मावशी गाठ सोडायची, मुठीत तांदूळ घ्यायची, एक दाणा दाताखाली धरायची. मग गाठोडी ओळीनं मांडायची. जो सगळ्यांत जुना आणि कोरडा, तो आधी रश्श्यात पडायचा. मग बेताचे. नवी इंद्रायणी सगळ्यांत शेवटी, जणू फक्त भेटायला आल्यासारखी. झाकण लागायचं, झाकणावर निखारे पडायचे. उघडल्यावर बावीस घरांचा तांदूळ एकसारखा फुललेला असायचा.

त्याआधी आम्हा पोरांना पितळीतून अळणी मिळायची, हळद-मिठात उकडलेल्या कोंबडीचं नुसतं पाणी. जीभ भाजायची, नाक वाहायचं. आजही मला बरं नसलं की औषधाच्या आधी त्या पितळीचीच आठवण येते.

मावशीचा एक कडक नियम होता. गाठोडं तिच्या हातात द्यायचं आणि ते तिनंच सोडायचं. कुणी मदतीला म्हणून गाठीला हात लावला की ओरडायची. मला वाटायचं, ही तिची काहीतरी समजूत असेल.

माझं नाव क्रांती. अण्णांनी ठेवलेलं. वाडीत सगळे किरांती म्हणतात. अण्णा कचेरीतून आले की धरणात जमिनी गेलेल्यांची पत्रकं लिहायचे, एसटीच्या फेऱ्या वाढवा म्हणून लिहायचे, दारूचं दुकान हलवा म्हणून लिहायचे. भोरातल्या एका छापखान्यातून गठ्ठे यायचे, आणि आमच्या घरात पाहुणा आला तर त्याला गठ्ठ्यावर बसावं लागायचं. मी अक्षरं गिरवली ती पत्रकांच्या कोऱ्या पाठीवर. पुढून मागण्या, मागून माझा ग म भ न. दहाव्या वर्षी मला बिनचूक माहीत होतं की मागणी ठळक असावी, विशेषणं कमी असावीत, आणि माणसाचं नाव घेऊ नये पण माणूस दिसावा. "उदाहरणाशिवाय पत्रक म्हणजे पुढाऱ्याचं भाषण," असं अण्णा म्हणायचे. मी मोठी झाले ती असल्या वाक्यांवर, आणि त्यांचा मला अजूनही अभिमान आहे. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढं जे लिहिणार आहे त्यातून कुणी वेगळा अर्थ काढू नये.

कॉलेजात असताना एका झोडणीला मावशी मला म्हणाली, "किरांते, माझं मनगट आता ऐकत न्हाई. झारा धर. शिक." मला केवढा मान वाटला. दिवसभर मी तिच्या शेजारी धुरात उभी होते. दुपारी बाया गाठोडी घेऊन आल्या. त्यांत सोनाकाकू होती.

सोनाकाकू आमच्या घरापासून तिसऱ्या घरात एकटीच राहते. नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही. गुडघ्यांनी साथ सोडल्यापासून तिची दोन खाचरं पडीकच आहेत, हे सगळ्यांना दिसत होतं. पण तिला माहेर होतं, भाऊ होता, खिंडीपलीकडच्या गावात. तो दरवर्षी बहिणीला पोतंभर आंबेमोहर धाडतो, हे तिनं इतक्या वेळा सांगितलं होतं की वाडीतल्या बायका आपल्या भावांना तिच्या भावाचा दाखला द्यायच्या. तिचं गाठोडं हिरव्या लुगड्याच्या फडक्याचं असायचं. ते मावशीच्या हातात देताना ती दरवर्षी तेच म्हणायची, आणि त्या दिवशीही म्हणाली, "भावाचा हाय गं जैतून. आंबेमोहर. जपून शिजव."

मावशीनं गाठोडं नाकाशी नेलं. "व्हय गं, तू ओढ्याजवळ हुतीस तवाच वास आला."

काकू हसत पंगतीची जागा झाडायला गेली. मावशीनं गाठ सोडली आणि मला म्हणाली, "हात घाल." मी हात घातला. दाणा जाड होता, तुटका, खडखडीत. वासाचा मागमूस नाही. भोरला आमच्या घरी रेशनवर यायचा तोच. मी म्हणायला लागले, "मावशी, हा तर रेश—" आणि तिनं आपला हळदीनं भरलेला पंजा सरळ माझ्या तोंडावर दाबला.

मग ती रश्श्यात तांदूळ सोडत हळू आवाजात बोलली. "सात वर्सं झाली. भाऊ धाडत न्हाई. बोलतो, नसरापूरच्या बाजारात दिसला तर तिला च्या बी पाजतो. तांदूळ न्हाई धाडत. मला तिनं सांगितलं न्हाई, मीबी इचारलं न्हाई. ह्या कामाला हाताला कळाया पायजे, आन् तोंडाला कळाया न्हाई पायजे. समाजलं का?"

मी मान हलवली. संध्याकाळपर्यंत माझ्या तोंडावर पिवळा पंजा होता. बाया विचारत होत्या, "किरांते, हळद लागली व्हय? कुठला गं नवरा?" मी हसत होते. मला आतून फार मोठं झाल्यासारखं वाटत होतं. कुणीतरी माझ्याजवळ काहीतरी ठेवायला दिलं होतं.

वर्षभर मी ते ठेवलं. एकच वर्ष.

पुढच्या झोडणीला माझा चुलतभाऊ विकास म्हणाला की हे पातेल्याचं प्रकरण आता बंद करू. तो शिरवळला कंपनीत जातो, त्याच्या हाताखाली माणसं आहेत, त्याला वेळेचा हिशेब कळतो. "हायवेवरनं बिर्याणी आणू. डबे मिळत्यात, गरम असत्यात. बाया दोन दिस राबत्यात, त्यांचं तरी बघा." त्याचं म्हणणं सगळं खोटं नव्हतं, आणि तो वाईट माणूसही नाही. पण त्याच्या मागं मान हलवणाऱ्यांत दोघं-तिघं असे होते ज्यांना मुलाण्याच्या हातचं आता नकोसं झालं होतं. ते मोठ्यानं कुणी बोललं नाही. मोबाईलवर काय फिरत होतं ते मला दिसत होतं.

माझं डोकं तापलं. त्या रात्री पत्रक लिहिलं, एकटाकी. सावड म्हणजे काय, एका पातेल्यात शिजणं म्हणजे काय, डब्यातल्या बिर्याणीत कुणाचं घर असतं. लिहिताना मला ठाऊक होतं की ते चांगलं होतंय. आणि तिसऱ्या परिच्छेदात मला उदाहरण लागलं. वाडीबद्दल मला माहीत असलेली सगळ्यांत सुंदर गोष्ट माझ्याजवळ होती. मला वाटलं, इतकी सुंदर गोष्ट लपून का राहावी? मी लिहिलं, "ज्या घरात शेतातला तांदूळ नाही, रेशनचा आहे, त्याही घराचा तांदूळ या पातेल्यात पडतो. शेवटी पडत नाही. सगळ्यांत आधी पडतो."

नाव घेतलं नव्हतं. अण्णांनी वाचून पाठीवर थाप मारली. शंभर प्रती काढल्या. देवळाच्या भिंतीवर एक लागली, घरोघरी गेल्या, मोबाईलवर फोटो फिरला. बैठकीत पातेलं टिकलं. विकासनंही हात वर केला. "ताईनं लई भारी लिवलंय," म्हणाला. त्या दिवशी मी जितकी खूश होते तितकी त्यानंतर कुठल्याच लिहिण्यानं झाले नाही.

दोन दिवसांनी सकाळी नळावर बायका होत्या. मी हंडा लावून उभी होते. विकासची बायको आशावहिनी, स्वभावानं एकदम मोकळी, कोडं सुटल्यासारखी बोलून गेली, "अगं, पण सगळ्यांत आधी तर ते हिरवं फडकंच सुटतं की! दरसाली मी समोर बसलेली असते."

नळाचं पाणी तेवढं वाजत होतं. मग तिचं तिलाच कळलं आणि तिनं पदर तोंडाला लावला. सोनाकाकू तिथंच होती, तिसऱ्या नंबरला. तिनं पुढची घागर सरकवली नाही, आपली कळशी उचलली, रिकामीच, आणि गेली.

बावीस घरांच्या वाडीत नाव घ्यावं लागत नाही. क्रम सांगितला तरी पुरतं. मी पत्रकांवर वाढलेली पोर, हे मला कसं दिसलं नाही? त्या संध्याकाळी अण्णांनी पत्रक पुन्हा पहिल्यापासून वाचलं. शेवटी म्हणाले, "आपण दोघांनी वाचलं होतं ना गं?" एवढंच.

भाताच्या दिवशी एकवीस गाठोडी आली. मावशी रिक्षातून उतरली तेव्हाच कुणीतरी कौतुकानं पत्रक तिच्या हातात दिलं. तिला वाचता येतं, सावकाश, ओठ हलवत. तिसऱ्या परिच्छेदाशी ओठ थांबले. तिनं कागदाची घडी घातली, कमरेला खोचली, पदर बांधला, आणि मला म्हणाली, "जा. घेऊन ये तिला."

काकू दारात बसली होती, मांडीवर सूप. सुपात तोच तांदूळ, खडे निवडून स्वच्छ केलेला. म्हणजे तिनं आणायचं ठरवलं होतं, नळावरच्या सकाळपर्यंत.

"काकू, चला. मावशी बोलावतीय."

"जैतूनला म्हनावं गुडघं दुखत्यात."

"काकू, माझी चूक झाली. मी नाव नव्हतं घेतलं, पण—"

"तू काय खोटं लिवलंस गं?" ती सुपातले दाणे बोटानं एका बाजूला सारत होती. "खरंच लिवलंस. चांगलं लिवलंस म्हनत्यात. माझा भाऊ बी वाचंल आता मोबाईलवर." थोडं थांबून म्हणाली, "त्याच्यावर माझा राग न्हाई. त्याच्या घरात त्याचं चालत न्हाई. पर वाडीत त्याला बरं म्हनायचे की गं सगळे. माझ्यापाशी तेवढंच हुतं त्याचं."

मी उभी राहिले. गरिबी लपवायची नसते, लाज त्यांनी बाळगावी ज्यांच्यामुळं ती आहे, हे मी शंभर वेळा लिहिलं आहे आणि ते मला आजही पटतं. पण काकू आपली गरिबी लपवत नव्हती. ती भावाला झाकत होती. ते झाकण मी काढलं, आणि वर त्याला न्याय म्हटलं.

एकटीच परत आले. मावशीनं माझ्या मागं पाहिलं, कुणी नव्हतं. रस्सा उकळत होता, पंगती बसू लागल्या होत्या. सगळ्यांचे डोळे गाठोड्यांवर होते. आता कुठलं आधी सुटतंय ते बघायला, नको असतानाही. जी गोष्ट वर्षानुवर्षं कुणी पाहिली नव्हती ती आता कुणालाही न पाहता येईना.

मावशीनं पेंढ्यावर एक धोतर अंथरलं. एकेक करून एकवीसही गाठोडी त्यावर सोडली, उलटी केली. इंद्रायणी, कोळंबा, नवा, जुना, सगळा एकच ढीग. कोपरापर्यंत हात घालून तिनं तो वर-खाली केला, पुन्हा पुन्हा, कुणाचा कुठला ते तिलाही कळू नये इतका. बायका बघत राहिल्या.

"अगं जैतून, बिघडंल की भात!" कुणीतरी म्हणालं.

"बिघडू दे."

आणि सगळा ढीग तिनं एकदम रश्श्यात लोटला. झाकण ठेवताना माझ्याकडं न बघता म्हणाली, "येवढी वर्सं माझा भात बिघडला न्हाई, पोरी. तू येका कागदात बिघडवलास."

भात बिघडला. काही घास लगद्याचे, काही दाताखाली कचकचणारे. तिखट चांगलं होतं, कोंबडी चांगली होती, पण तो आमचा भात नव्हता. माळकऱ्यांच्या पंगतीतसुद्धा वासाचा विनोद झाला नाही. मावशीनं एका डब्यात भात भरला आणि काकूच्या घराकडं निघाली. मी मागं गेले तर वळून म्हणाली, "तू हितंच थांब." अंधार पडेपर्यंत ती आली नाही. त्या दोघी काय बोलल्या ते मला आजतागायत माहीत नाही. विचारलं नाही. तेवढं तरी शिकले.

या गोष्टीला चार झोडण्या झाल्या. त्यानंतर दरवर्षी तांदूळ असाच ढिगात पडतो, मिसळून, आणि दरवर्षी थोडा बिघडतो. मावशीचे डोळे अधू झाले. आता ती खळ्याच्या कडेला खुर्चीवर बसते आणि झारा माझ्या हातात असतो. मी मिसळलेल्या तांदळाला जमेल तसं सांभाळायचा प्रयत्न करते. पाणी मध्यम, जाळ कमी, निखारे जास्त. तरी कधीच सगळा एकसारखा होत नाही, होणार नाही. मला कधी कधी त्या जुन्या भाताची इतकी भूक लागते की डोळ्यांत पाणी येतं. एक हुन्नर होता तिच्या मुठीत, दातात, नाकात. तो तिनं माझ्या देखत धोतरावर ओतून टाकला आणि पुन्हा उचलला नाही.

आणि दरवर्षी भाताच्या आदल्या दिवशी मी सोनाकाकूच्या दारात बोलावणं घेऊन जाते. पहिल्या वर्षी तिनं गुडघे सांगितले. दुसऱ्या वर्षीही गुडघेच. तिसऱ्या वर्षी म्हणाली, "बघू." मी आग्रह केला नाही. बोलावणं सांगायचं, पाणी प्यायचं, उठायचं. मी अजून पत्रकं लिहिते. पुण्यात कामगारांच्या वस्त्यांत जाते, लोक मला त्यांच्या गोष्टी सांगतात. प्रत्येक चांगल्या उदाहरणापाशी माझा हात थांबतो आणि मी स्वतःला विचारते, हे कुणाचं फडकं आहे? सोबतचे म्हणतात, तुझी धार कमी झाली. असेल. जिथं पगार बुडवणाऱ्याचं नाव लिहायचं असतं तिथं ती अजून आहे, त्यांनी तपासून बघावी.

यंदा झोडणीला यंत्र आलं होतं. डिझेलचा धूर, मोठा आवाज, आणि दोन दिवसांत सगळ्या वाडीचा भात झोडून मोकळा. ठेका नाही, कुसं मात्र तीच. पेंढ्याची उडवी रचायला माणसं लागलीच. मी पुण्याहून शुक्रवारी पोचले आणि काकूकडं गेले. ती म्हणाली, "सांगितलंस, कळलं." पाणी दिलं. मी उठले.

शनिवारी दुपारी धोतर अंथरलं. बायका एकेक गाठ सोडून ढिगावर तांदूळ ओतत होत्या. आता गाठी ज्याच्या त्यानं सोडायच्या असतात. मी चुलीशी पाठमोरी होते. आशावहिनीचं बोलणं मध्येच थांबलं म्हणून मी वळले.

सोनाकाकू काठी टेकत येत होती. हातातल्या साखरेच्या जुन्या प्लॅस्टिकच्या पिशवीत तांदूळ होता. कुणी पुढं झालं नाही, कुणी बाजूलाही झालं नाही. वहिनीनं फक्त आपला ढिगावरचा हात काढून जागा केली. काकू वाकली, पिशवी उलटी केली, तळाशी अडकलेले दाणे झटकले, आणि उभ्याउभ्याच काठीच्या आधारानं एक हात घालून तांदूळ वर-खाली केला. कुठला आहे ते ती बोलली नाही. भावाचं नावही घेतलं नाही.

"सोना हाय का गं?" मावशीनं खुर्चीवरून विचारलं. तिला आता माणूस आवाजावरूनच कळतो, आणि काकूनं तर आवाजही केला नव्हता.

"हाय, जैतून."

"बस मंग. गुडघं कसं हायेत?"

"दुखत्यात."

एवढंच बोलणं झालं. मी रश्श्यात तांदूळ सोडला, झाकण ठेवलं, निखारे ओढले. पाण्याचा अंदाज चुकला, हे मला झाकण ठेवतानाच कळलं होतं.

काकू बायकांच्या पंगतीत बसली, आशावहिनीच्या शेजारी. मी वाढत गेले. तिच्या पत्रावळीपाशी आले तेव्हा एक झारा भात वाढला. तिनं रस्सा कालवला, घास घेतला, चावली. थांबली. दाताखालचा दाणा बोटांनी काढून बघितला.

"किरांते."

"काय काकू?"

"कच्चा ऱ्हायला की गं! येवढी पुस्तकं वाचतीस, कागद लिवतीस, आन् भात शिजवता येईना व्हय तुला?"

"मी म्हनलं हुतं तिला, पानी वाढीव," खुर्चीवरून मावशी ओरडली. "ऐकतीय कुठं! बापावर गेलीय."

हसू आधी आशावहिनीला फुटलं, मग पंगतीत पसरत गेलं. माळकऱ्यांच्या पंगतीतले ते म्हातारबाबा पाठ करून बसले होते, ते वळून विचारायला लागले, काय झालं, कोण हसलं, आमाला बी सांगा. मी झारा धरून तशीच उभी होते.

काकूनं तो कच्चा दाणा पत्रावळीच्या कडेला ठेवला. उरलेला भात निवांतपणे संपवला. मग माझ्याकडं न बघता, शेजारणीशी बोलता बोलताच, तिनं पत्रावळ माझ्यापुढं सरकवली.

"वाढ की," म्हणाली. "उभी काय ऱ्हायलीस?"